उलटतपासणी नसलेला खटला

माझे मामा उभं आयुष्य जिल्हा न्यायालयात सरकारी वकील होते. मी माहितीपटांचं संकलन करते. ‘टू किल अ टायगर’ आम्ही दोघांनी पाहिला आणि आमची जुंपली. ती कधी फोनवर, कधी ताटावर बसून, बरेच दिवस चालली. इथे ती एका ओघात लावली आहे. मामांची वाक्यं मी जराशी छाटली आहेत. सवयीचा परिणाम. त्यांनी हे वाचलं की पहिली हरकत तीच येणार.

चित्रपट ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात. झारखंडमधल्या एका खेड्यात २०१७ साली घरातल्या लग्नाच्या रात्री १३ वर्षांच्या मुलीवर तिघांनी बलात्कार केला. गावाने तोडगा सुचवला : तिघांतल्या एकाशी तिचं लग्न लावून द्या, गावाची अब्रू गावात राहील. तिचा बाप भातशेती करणारा, चार लेकरांचा धनी. तो बधला नाही. चौदा महिने कोर्टाचे खेटे घातले आणि २०१८ मध्ये तिघांना प्रत्येकी २५ वर्षांची शिक्षा झाली. निशा पाहुजा ही दिल्लीत जन्मलेली आणि कॅनडात वाढलेली दिग्दर्शिका. पुरुषांबरोबर स्त्री-पुरुष समतेचं काम करणाऱ्या संस्थांवर ती चित्रपट करायला गेली होती. हा बाप त्या कामात सहभागी झालेल्यांपैकी एक. तिने बाकीचं बाजूला ठेवून त्याची कहाणी धरली. २०२२ मध्ये चित्रपट टोरंटोच्या महोत्सवात दाखवला गेला, २०२४ मध्ये ऑस्करच्या नामांकनात आला, मग नेटफ्लिक्सवर.

मामा : चित्रपट चांगलाच आहे, त्यात वाद नाही. बाप तर काय माणूस आहे! पण खरं सांगू, बघताना मी सारखा आरोपीचा वकील होत होतो. आयुष्यात कधी झालो नाही, तो तुझ्या या बाईंनी केला.

मी : का बरं? गुन्हा शाबीत झालाय की.

मामा : गुन्ह्याचं म्हणत नाही मी. पद्धतीचं म्हणतोय. मी कोर्टात साक्षीदार तपासला की समोरचा उठायचा आणि माझ्या साक्षीदाराची पिसं काढायचा. राग यायचा, पण त्याची सोय तिथे असायची. तुमच्यात समोर कोण असतो? कॅमेरा तुमचा, कात्री तुमची, वरून सारंगी वाजवायची तीही तुम्हीच. ह्याला आमच्यात एकतर्फी हुकूमनामा म्हणतात.

मी : पण हा चित्रपट आरोपींचा न्याय करतच नाही. तो गाव दाखवतो. तोडगा सुचवणारी वॉर्डाची सदस्य बाई राक्षसीण म्हणून येते का त्यात? ती आपली समजुतीच्या सुरात सांगते, मुलीचं आता दुसरं काय होणार म्हणून. पाहुजा तिला बोलू देते, पुरतं बोलू देते. तिच्या तोंडावर कट मारून तिला हास्यास्पद करणं किती सोपं होतं, हे मला विचारा.

मामा : विचारतो. कसं करतात?

मी : वाक्य संपलं की लगेच कापायचं नाही. माणूस बोलून थांबला की चेहऱ्यावर क्षणभर काहीतरी ओशाळं उमटतं. तिथे रेंगाळलं की बघणारा हसतो किंवा चिडतो. पाहुजा तिथे रेंगाळत नाही. तिची हीच रीत आधीच्या ‘द वर्ल्ड बिफोर हर’मध्येही होती, २०१२ चा. एकीकडे सौंदर्यस्पर्धेच्या मुली आणि दुसरीकडे आपल्या औरंगाबादेतलं दुर्गा वाहिनीचं शिबिर. तिला ते विचार पटत नाहीत हे उघड कळतं, तरी तिथल्या पोरीला ती मोडीत काढत नाही.

मामा : बरं. आणि ते अंगणातलं? गावकरी चिडून चित्रपटवाल्यांच्याच अंगावर येतात ते?

मी : ते ठेवलं तिने. पुष्कळजण कापतात. आपल्या असण्यामुळे त्या घरावर काय ओढवतंय, हे प्रेक्षकाला दिसावं म्हणून ठेवलं.

मामा : दिसलं, छान झालं. मग चित्रपटवाले टोरंटोला गेले आणि ते घर त्याच गावात राहिलं. दाखवून दिलं म्हणजे ओझं उतरत नाही, बाई.

मी : कोर्टाचं तरी उतरतं का? तुम्ही सांगा, तेरा वर्षांची पोर तुमच्या कोर्टात येते तेव्हा काय होतं?

मामांना हा विषय काढलेला आवडतो. त्यांचा आवाजच बदलतो.

मामा : पॉक्सो कायदा २०१२ चा. तो वाच एकदा, त्यात करुणा कलमाकलमाने लिहिलेली आहे. जबाब घेणाऱ्या पोलिसाने गणवेशात यायचं नाही. जमेल तिथे मुलीला रुचेल अशा जागी जाऊन जबाब घ्यायचा. साक्षीच्या वेळी आरोपी तिच्या नजरेला पडता कामा नये. आणि सगळ्यात मोठं म्हणजे बचावाचा वकील तिला थेट प्रश्न विचारू शकत नाही. प्रश्न न्यायाधीशांकडे द्यायचे, ते विचारणार. खटला होता होईतो वर्षाच्या आत संपवायचा, असंही लिहिलंय.

मी : इथे चौदा महिने लागले.

मामा : चौदा महिने म्हणजे वेगातच झालं की. आता कलमात नाही ते सांगतो. साक्षीआधी ती पोर बसते कुठे? कोर्टाच्या व्हरांड्यात. आरोपीची आई, चुलता, मेहुणा कुठे बसतात? त्याच व्हरांड्यात. कित्येकदा त्याच बाकावर. दोघांना चहा देणारा पोऱ्याही एकच. आत पडदा लावतो आम्ही, बाहेर ते एकमेकांना खेटून. माझा एक साक्षीदार त्या बाकावरच फितूर झालाय. सकाळी ठाम होता, दुपारी पुकारा झाला तेव्हा त्याला काही आठवेना.

मी : हेच! हे तुमच्या निकालपत्रात येतं कुठे?

मामा : नाही येत. यायचं कारण नाही.

मी : मग ते कोणी दाखवायचं?

मामा यावर बोलले नाहीत. पण हार मानतील ते मामा कसले. दोन दिवसांनी फोन आला. मध्यंतरी त्यांनी मी दिलेली यादी पाहून ‘पॅराडाइज लॉस्ट’चे तिन्ही भाग बघून टाकले होते आणि वहीत टिपणं काढली होती.

ते प्रकरण असं : अमेरिकेतल्या अर्कान्सॉ राज्यात, वेस्ट मेम्फिस गावी मे १९९३ मध्ये आठ वर्षांच्या तीन मुलांचा खून झाला. पोलिसांनी तीन किशोरवयीन पोरांना धरलं. काळे कपडे घालतात, मेटॅलिकाची गाणी ऐकतात, म्हणजे सैतानाची पूजा करत असणार! एका मंदबुद्धी म्हणाव्या अशा पोराने तासन्‌तास चौकशीनंतर दिलेला कबुलीजबाब हा मोठा पुरावा. डेमियन एकल्सला मृत्युदंड, उरलेल्या दोघांना जन्मठेप. जो बर्लिंजर आणि ब्रूस सिनॉफ्स्की या जोडीने १९९६, २००० आणि २०११ असे तीन चित्रपट केले. त्यांतून जगभर चळवळ उभी राहिली आणि ऑगस्ट २०११ मध्ये, १८ वर्षांनी, तिघे बाहेर आले.

मामा : बाहेर आले, पण कसे आले ते पाहिलंस? आम्ही निर्दोष आहोत असं म्हणत म्हणत गुन्ह्याची कबुली द्यायची आणि सुटायचं. तिकडे तसली सोय आहे. म्हणजे दप्तरी ते आजही दोषीच.

मी : जीव वाचला, मामा.

मामा : वाचला. त्या दिग्दर्शक-जोडीला त्याबद्दल माझा नमस्कार. आता माझं ऐक. पहिल्या चित्रपटाची सुरुवातच कशाने होते? पोलिसांच्या पंचनाम्याच्या चित्रीकरणाने. त्या लेकरांची प्रेतं. आणि वर गाणं. आमच्या मुद्देमालातले फोटो आम्ही पाकिटात घालून न्यायाधीशांच्या हातात देतो, भिंतीवर लावत नाही.

मी : ते मलाही खटकतं. मी ठेवलं नसतं.

मामा : पुढचं याहून वाईट आहे. एका मेलेल्या मुलाचा सावत्र बाप. आडदांड माणूस, कॅमेऱ्यासमोर शिव्याशाप देतो, भोपळ्यांवर गोळ्या झाडतो. त्याने चित्रपटवाल्यांना भेट म्हणून चाकू दिला. त्यावर रक्ताचा डाग निघाला. त्यांनी तो सोपवून टाकला, ठीक केलं. चाचणीतून कुणावर काही शाबीत झालं नाही. पण दुसरा चित्रपट बघ. सगळा कॅमेरा त्याच्याच भोवती. दात का काढले, अमुक का म्हणाला. तो खोटं पकडायच्या यंत्रालाही बसतो, त्यात तो पास होतो, तरी प्रेक्षकाच्या मनात खुनी तोच. तिसऱ्या चित्रपटात कळतं काय, तर त्याचा काही संबंध नसावा. तो माणूसच आता त्या तिघांना सोडा म्हणतोय! आणि बोट वळलंय दुसऱ्याच एका मुलाच्या सावत्र बापाकडे.

मी : हो.

मामा : हो काय? त्या तिघांना पोलिसांनी का धरलं? चमत्कारिक दिसत होते, विचित्र वागत होते म्हणून. आणि तुझ्या करुणावंतांनी त्या बापाला का धरलं? चमत्कारिक दिसत होता, विचित्र वागत होता म्हणून. एका बाजूला ओतायला कळवळा आणायचा कुठून, तर दुसऱ्या बाजूचा उपसून. वर ज्याचा उपसला त्याचं मूल गेलंय.

या मुद्द्यावर मी मामांशी भांडू शकत नाही, भांडलेही नाही. गुन्ह्याच्या चित्रपटात एक रिकामी खुर्ची असते. आपण एकाला तिथून उठवलं की प्रेक्षक विचारतो, मग कोण? त्या प्रश्नाचं उत्तर न देता प्रेक्षकाला घरी पाठवायला धैर्य लागतं, आणि पैसे घालणारा ते करू देत नाही. ‘पुढच्या भागात कोण’ यावरच आजच्या मालिका चालतात. पण माझ्याकडेही एक चित्रपट होता.

मी : ‘द थिन ब्लू लाइन’ पाहिलात?

मामा : दोनदा. तो मात्र वकिलाचा चित्रपट आहे. तो एरॉल मॉरिस आधी काय करायचा?

मी : काही काळ खाजगी गुप्तहेर होता.

मामा : वाटलंच. रडत नाही, रडवत नाही. एकच गोष्ट पुन्हा पुन्हा दाखवतो : गाडी थांबली, पोलीस उतरला, गोळी लागली. प्रत्येक साक्षीदाराप्रमाणे वेगळी. ही उलटतपासणी आहे. साक्षीदारबाई त्याच्याशी बोलता बोलता सांगून जाते की ओळखपरेडीत आपण भलत्यालाच ओळखलं आणि मग पोलिसानेच बरोबर माणूस दाखवला. अगं, अशी साक्षीदार माझ्या समोरच्या वकिलाला मिळाली असती तर मी राजीनामा दिला असता.

डलासमध्ये नोव्हेंबर १९७६ मध्ये रॉबर्ट वूड या पोलिसाचा खून झाला आणि रँडल डेल ॲडम्सला मृत्युदंड. १९७९ मध्ये तारीख ठरली होती, तीन दिवस आधी स्थगिती मिळाली. पुढे शिक्षा जन्मठेपेवर आली. मॉरिस टेक्सासला गेला होता तो वेगळ्याच माणसासाठी. ‘हा आरोपी सुटला तर पुन्हा मारेल’ अशी साक्ष खटल्यामागून खटल्यात देणारे एक मानसोपचारतज्ज्ञ होते, त्यांच्यावर त्याला चित्रपट करायचा होता. त्यात ॲडम्स भेटला. चित्रपट १९८८ चा, ॲडम्स सुटला मार्च १९८९ मध्ये.

मामा : कळवळ्याचा चित्रपट अठरा वर्षं लावतो, तीन भाग काढतो आणि अर्धवट न्याय आणतो. हा कोरडा माणूस वर्षभरात कुलूप उघडतो. तात्पर्य काय?

मी : तात्पर्य काढू नका. त्याच चित्रपटातले न्यायाधीश आठवा. सरकारी वकिलाने शेवटच्या भाषणात पोलीस म्हणजे समाज आणि अराजक यांच्यामधली पातळ निळी रेघ असं काही म्हटलं, आणि न्यायाधीश स्वतः सांगतात की त्यांचे डोळे भरून आले. मामा, भरल्या डोळ्यांच्या कोर्टाने निरपराध माणसाला मरायला पाठवलं. तुमचं कोर्ट कोरडं नसतं. तिथे कळवळा असतोच, फक्त तो कुणाच्या वाट्याला जायचा हे आधी ठरलेलं असतं.

मामा : (बऱ्याच वेळाने) भाषण करणारा सरकारी वकील होता, नाही का.

मी : हो.

मामा : अशी भाषणं मीही केली आहेत. चांगली व्हायची.

मी : आणि मॉरिसचंही सगळं बरोबर नाही. त्या चित्रपटात वूडच्या घरचं कुणी बोलत नाही. ज्याच्या खुनावर सगळं उभं आहे तो फक्त रस्त्यावर पडतो, पुन्हा पुन्हा पडतो.

मामा : म्हणजे तुला दोन्ही पाहिजेत. मॉरिसची उलटतपासणी आणि पाहुजाबाईंचा शेजार.

मी : आहे ना असा एक. आपल्याच मुंबईतला. आनंद पटवर्धन.

मामांचं आणि पटवर्धनांचं राजकारण जुळत नाही. त्यांनी ‘हं’ केलं. पण ‘जय भीम कॉम्रेड’ त्यांनी पूर्वी पाहिलेला होता, आणि घाटकोपरचं रमाबाई नगर कुठल्याही महाराष्ट्रातल्या सरकारी वकिलाला सांगावं लागत नाही. ११ जुलै १९९७. बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना, जमाव, राज्य राखीव पोलीस दलाचा गोळीबार, दहा माणसं गेली. थोड्याच दिवसांत शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. पटवर्धन पुढची १४ वर्षं चित्रीकरण करत राहिले.

मामा : जमाव गॅसचा टँकर पेटवणार होता असा पोलिसांचा बचाव होता. तो त्यांनी पुराव्याने उसवलाय, हे मान्य. ते काम सरकार पक्षाने करायला हवं होतं. २००९ मध्ये अधिकाऱ्याला जन्मठेप झाली, आणि जामीन केव्हा मिळाला?

मी : लगेचच. निकालावर चित्रपट संपवायचा असता तर २००९ ला छान शेवट मिळाला असता. ते थांबले नाहीत. मला मात्र त्यातलं घोगऱ्यांचं येणं महत्त्वाचं वाटतं. ते पटवर्धनांना फक्त बातमीतले नव्हते. १९८५ च्या ‘हमारा शहर’मध्ये त्यांनी गायलं होतं. त्याच चित्रपटात झोपडं पाडलेली एक बाई आहे. ती कॅमेऱ्यामागच्या माणसाला फाडून खाते. आमचे फोटो काढून तुझं नाव होणार, आम्हाला काय मिळणार, असा तिचा सूर. पटवर्धनांनी ते कापलं नाही. ही उलटतपासणी झाली की नाही? आणि ती चित्रपटातच आहे.

मामा : झाली. पण साक्षीदाराने स्वतःच स्वतःची उलटतपासणी निवडून दप्तरात लावली तर न्यायाधीश काय म्हणेल?

मी : तुमच्यापुढे काही चालायचं नाही.

मामा : चालेल. चेहऱ्याचं सांग आधी. ‘टायगर’मधल्या त्या पोरीचा चेहरा का दाखवला? पॉक्सोचं कलम २३ म्हणतं, बालकाची ओळख पटेल असं काहीही माध्यमांनी छापायचं, दाखवायचं नाही. परवानगी देणार तर विशेष न्यायालय, तेही मुलाच्या हिताचं असेल तरच. दिल्ली उच्च न्यायालयात या चित्रपटाविरुद्ध याचिका झाली ती उगाच नाही.

मी : आधी चेहरा लपवायचाच विचार होता. पण मुलगी अठरा वर्षांची झाली, तिने चित्रपट पाहिला आणि म्हणाली, मी दिसेन. नाव बदललेलं ठेवलंय. शिवाय तिची छायाचित्रं पसरवू नका, अशी विनंती पडद्यावर येते. आणि संकलक म्हणून सांगते, धुरकट केलेला चेहरा निरागस नसतो. आपल्याकडे बातम्यांत तोंडावर काळा बुरखा घालून कुणाला आणतात? आरोपींना. तिघे तोंड वर करून फिरणार आणि हिने झाकून घ्यायचं?

मामा : तुझा मुद्दा कळला, चांगला आहे. सज्ञान स्त्रीने स्वतः पुढे यायचं ठरवलं तर कायदा तिला अडवत नाही, तेही मला ठाऊक आहे. माझी अडचण वेगळीच आहे. पडद्यावर दिसते ती तेरा वर्षांची आहे. संमती दिली अठरा वर्षांचीने. कोण कुणाच्या वतीने देतंय? आणि उद्या ती तिशीची होईल, नोकरी करेल, तिला मूल होईल. त्या बाईला नको वाटलं तर? ती नेटफ्लिक्सला काय लिहिणार?

मी : मला उत्तर येत नाही.

मामा : तुझ्या ॲडम्सने काय केलं ठाऊक आहे? सुटून बाहेर आला आणि मॉरिसवरच दावा लावला. आपल्याच आयुष्याच्या गोष्टीचे हक्क करारात देऊन बसला होता, ते परत मागायला. कोर्टाबाहेर मिटलं, हक्क मिळाले. ज्याने तुरुंगातून काढलं त्याच्याकडून स्वतःची गोष्ट सोडवून घ्यावी लागली. तुमचे संमतीपत्राचे फॉर्म असतात ना? आण बघू एक.

मी आणला. एक पान, इंग्रजीत. जगभर, कायमचं, आजच्या व पुढे निघणाऱ्या सर्व माध्यमांत, मागे न घेता येणारं. मामांनी चष्मा पुसला आणि लाल पेन काढलं.

मामा : ‘मागे न घेता येणारं’ हे आधी खोड. आता लिही. मजकूर मराठीत, किंवा त्या माणसाच्या भाषेत. सही चित्रीकरणाच्या दिवशी घ्यायची नाही, चित्रपट दाखवून झाल्यावर घ्यायची. त्यावेळी त्याच्या बाजूने त्याचा माणूस हजर. पुढे दर पाच वर्षांनी पुन्हा विचारायचं, दिग्दर्शकाने स्वतः जाऊन. फोन चालणार नाही.

मी : आणि नाही म्हणाले तर?

मामा : तर चेहरा काढायचा. पुढच्या प्रतीतून तरी.

मी : असल्या कागदावर कुठलाही निर्माता सही करणार नाही, मामा. नव्या प्रतीचा खर्च कोण देणार?

मामा : मग तोही घाल त्यात. खर्च कुणाचा, ते कलम सहा. थांब, पाच राहिलंय अजून. आरोपीच्या आईचं चित्रीकरण केलंस तर तिलाही हेच सगळं लागू.